मास्टर ऑफ ओरायन २ : रिसर्चमध्ये पहिला आलो आणि निवडून आला सरडा

परळचा_पामर

मंडळी, काल रात्री पावणेदोनला हरलो आणि सकाळी ८.१२ची लोकल चुकली. दुसऱ्या गोष्टीचं एवढं वाईट वाटत नाहीये.

खेळ मास्टर ऑफ ओरायन २, १९९६चा, कम्प्युटरवर अवकाशात साम्राज्य वाढवायचा. मध्यम आकाराची आकाशगंगा, पाच जण, पातळी हार्ड. मी सायलॉन ही जमात घेतली होती. ज्यांनी खेळलेला नाही त्यांच्यासाठी: सायलॉन म्हणजे वर्गातला पहिल्या बाकावरचा मुलगा. रिसर्च जबरदस्त, शिवाय क्रिएटिव्ह. बाकीच्यांना प्रत्येक पायरीवरच्या दोन-तीन शोधांतला एकच निवडावा लागतो, यांना सगळे मिळतात. सगळ्यांच्या पुढे होतो. बाकीचे अजून न्यूक्लिअर मिसाइल उडवत होते तेव्हा माझ्याकडे फेझर होते. एकही लढाई हरलो नाही. खरं तर लढायची वेळच आली नाही.

तारीख ३५१७.४ (खेळ ३५००.० ला सुरू होतो आणि दर टर्नला ०.१ने पुढे जातो, म्हणजे १७४वा टर्न). गॅलॅक्टिक काउन्सिलची सभा भरली. उमेदवार दोन, मी आणि साक्रा. साक्रा म्हणजे ते सरडे. एकूण मतं ६०, निवडून यायला दोन तृतीयांश, म्हणजे ४०. साक्राची स्वतःची २७, बुलराथी ८, म्रशान ६. झाली ४१. माझी १४, नोलाम ५ घेऊन तटस्थ. संपला खेळ!

ज्याच्याकडे धड लेझर नाहीत तो आकाशगंगेचा सम्राट? माझं चुकलं कुठे? लोकांना प्रत्येक वेळी जिंकायला जमतं कसं?

लसूणचटणी

आमच्या सोसायटीच्या सर्वसाधारण सभेत हेच होतं. सगळ्यात हुशार माणूस मागच्या खुर्चीत बसतो आणि ज्याच्या घरात पाच सभासद तो सेक्रेटरी होतो.

(रिडेव्हलपमेंटला हल्ली ५१ टक्के पुरतात. तुमच्या आकाशगंगेत ६६ लागतात म्हणजे ती जास्तच शिस्तीची दिसते.)

फास्टलोकल

सायलॉन हा नवशिक्यांचा सापळा आहे. एकदम बरोबर हरलास.

स्वतःची जमात बनव. १० पॉइंट मिळतात, अवगुण घेतलेस तर आणखी १०. अवगुणात रिपल्सिव्ह (६) आणि अनक्रिएटिव्ह (४). आता हातात २०. त्यात युनिफिकेशन सरकार ६, सबटेरेनियन ६, अ‍ॅक्वाटिक ५, रिच होमवर्ल्ड २, लार्ज होमवर्ल्ड १. हिशेब चोख. युनिफिकेशनमुळे अन्न आणि उत्पादन दीडपट, सबटेरेनियनमुळे प्रत्येक ग्रहावर माणसं जास्त मावतात. पहिले शंभर टर्न नुसत्या कॉलनी टाकायच्या, मग जहाजांचा पाऊस पाडायचा. काउन्सिल वगैरे पुढाऱ्यांनी करावं. आपण सगळ्यांना संपवायचं आणि झोपायचं.

मीठमिरची

@फास्टलोकल, जमात चांगली आहे, मीही खेळलेय. पण पामर विचारतायत एक आणि तुम्ही सांगताय भलतंच. रिपल्सिव्ह घेतल्यावर कोणाशी व्यापार नाही, करार नाही, युती नाही. शेजारी मत देणार कशाला?

@पामर, तुमच्या आकड्यांतच उत्तर आहे. साक्रांचे गुण आठवा: लोकसंख्यावाढ दुप्पट, सबटेरेनियन, मोठा मूळ ग्रह. सरकार फ्यूडल, म्हणजे रिसर्च निम्मा. त्यांना शोध लागत नाहीत, पिल्लं होतात. आणि काउन्सिलमध्ये मतं लोकसंख्येवर मिळतात. फेझरला मत नसतं.

दुसरी गोष्ट. जिंकायला ४० लागत होती, पण त्याला अडवायला तुम्हाला फक्त २१ हवी होती. तुमची १४ आणि नोलामची तटस्थ ५ मिळून १९. दोन मतांनी गेलात तुम्ही. म्रशानांना आपल्याकडे वळवायचीसुद्धा गरज नव्हती, त्यांना नुसतं घरी बसवलं असतं तरी भागलं असतं. म्रशानांशी तुमचे संबंध कसे होते?

परळचा_पामर

दोन मतं! हे मोजलंच नव्हतं.

म्रशान दर दहा-पंधरा टर्नला येऊन एखादा शोध मागायचे. मी नाही म्हणायचो. फुकट कशाला द्यायचं? व्यापाराचा करार केला नाही, कारण सुरुवातीला त्यात तोटा दाखवतो.

मीठमिरची

सुरुवातीचे काही टर्नच तोटा असतो, मग फायदा वाढत जातो. आणि करार जितका जुना तितके संबंध चांगले. जुनाट टायटॅनियमच्या जमान्यातला एखादा शोध त्यांना दिला असता तर तुमचं काय जाणार होतं? तुमच्याकडे सगळं होतंच. क्रिएटिव्ह असण्याचा खरा फायदा तोच आहे. प्रत्येकाकडे जे नाही ते तुमच्याकडे असतं, म्हणजे प्रत्येकाला द्यायला काहीतरी असतं. तुम्ही ते कपाटात कुलूप लावून ठेवलंत.

आता लोकसंख्येचं. तुमचा मूळ ग्रह कधी भरला होता?

परळचा_पामर

साठाव्या टर्नच्या आसपास. तेव्हापासून तिथे वाढ शून्य. मी खूश होतो, ग्रह भरला म्हणून.

मीठमिरची

तिथेच घोळ आहे. या खेळात ग्रह अर्धा भरलेला असताना लोकसंख्या सगळ्यात वेगाने वाढते. रिकाम्या ग्रहावर वाढवायला माणसं नसतात, भरलेल्यावर जागा नसते. त्यामुळे मूळ ग्रह काठोकाठ भरू द्यायचाच नाही. दर काही टर्नला लोकसंख्येची एक-दोन एककं उचलून नव्या कॉलनीत टाकायचे. दुसऱ्या ताऱ्याकडे एक एकक न्यायला पाच फ्रेटर (मालवाहू जहाजं) लागतात आणि एका फ्रेटर फ्लीटमध्ये पाचच येतात, म्हणून सुरुवातीलाच दोन-तीन फ्लीट बांधून ठेवायच्या. मूळ ग्रहावर परत जागा होते, परत वाढतो. कॉलनीत एकाचे तीन झाले की तीही धावायला लागते. नव्या कॉलनीत करण्यासारखं काही नसेल तर तिला हाउसिंगवर ठेवायचं, सगळं उत्पादन लोकसंख्यावाढीत जातं.

तुमचे सायलॉन लो-जी आहेत, हे खरं दुखणं. साध्या गुरुत्वाकर्षणाच्या ग्रहावर त्यांचं काम पाव कमी होतं, जड ग्रहावर निम्मं. म्हणून तुम्ही असे ग्रह सोडून दिले असणार. बरोबर?

परळचा_पामर

तीन सोडले. दोन साधे, एक जड. 'कामाचे नाहीत' म्हणून. ते साक्रांनी घेतले.

मीठमिरची

जड ग्रहावरचा सायलॉन कामाला निम्मा असतो, पण मताला पूर्ण असतो.

लसूणचटणी

हे वाक्य आमच्या वॉर्डात फ्लेक्सवर लावण्याजोगं आहे.

गिरगावकर_काका

धागा वाचून राहवलं नाही. १९९८ साली आमच्या चाळीत हा खेळ चौघांत चालायचा. एक सेकंडहँड पेंटियम, पंधरा इंची मॉनिटर आणि आम्ही चार चुलत-मावस भावंडं. हॉटसीट म्हणजे एकाच खुर्चीवर आळीपाळीने. ज्याची पाळी तो आत, बाकीचे तिघे गॅलरीत, दाराला पाठ करून. डोकावलं तर आई नाही, पण मोठा भाऊ फटका द्यायचा. एकेका टर्नला पंधरा मिनिटं लागायची, त्यामुळे गॅलरीतच सगळं राजकारण व्हायचं. आत तोफा, बाहेर तह.

सगळ्यात धाकटा, वय वर्षं अकरा, नेहमी ट्रिलेरियन घ्यायचा, कारण ते माशांसारखे दिसतात. त्याला लढता यायचं नाही, रिसर्च कळायचा नाही. पण त्याची पाचसहा मतं असायची. काउन्सिल आली की मोठा भाऊ आणि मी त्याला आळीपाळीने चौपाटीवर न्यायचो. एका सभेला मी भेळ दिली, भावाने भेळ आणि गोळा. मत गेलं भावाला. त्या दिवशी कळलं की या खेळात तिसऱ्या क्रमांकाच्या माणसाला सांभाळायचं असतं. पहिला आणि दुसरा तर एकमेकांना मत देणारच नाहीत.

तुमचे नोलाम तटस्थ राहिले म्हणजे त्यांना कोणी भेळ दिली नाही, एवढाच अर्थ.

अवांतर: पहिला भाग (१९९३) मी आजही जास्त मानतो. आरमार, शोध, हेर, सगळं नुसत्या सरकपट्ट्यांवर. तोच खेळ आला तेव्हा कम्प्युटर गेमिंग वर्ल्ड मासिकात अ‍ॅलन एमरिचने त्याच्याबद्दल लिहिताना चार एक्स मारले होते: एक्सप्लोर, एक्सपांड, एक्सप्लॉइट, एक्सटर्मिनेट. म्हणजे शोधा, पसरा, ओरबाडा, संपवा. या सगळ्या खेळांना फोर-एक्स म्हणतात ते तिथून.

फास्टलोकल

काका, दंडवत. भेळेचा किस्सा भारी.

पण मी माझ्या मुद्द्यावर ठाम आहे. मीठमिरची म्हणतात रिपल्सिव्हला कोणी मत देत नाही. मान्य. पण युनिफिकेशन-सबटेरेनियन-अ‍ॅक्वाटिकने मी लोकसंख्येतच इतका पुढे जातो की दीडशेव्या टर्नला निम्मी आकाशगंगा माझी असते. आणखी दोन साम्राज्यं गिळली की दोन तृतीयांश मतं एकट्याची. स्वतःच स्वतःला मत द्यायचं! एकदा तर मी लढाईच्या मधेच काउन्सिलने जिंकलो, मला पत्ताच नव्हता.

मीठमिरची

म्हणजे तुम्हीही काउन्सिलनेच जिंकता, फक्त भेळ न देता. :)

बाकी तुमच्याशी सहमत. दोन्ही रस्त्यांचं मूळ एकच, माणसं. अनक्रिएटिव्ह असताना मात्र एक जुगार असतो. अ‍ॅस्ट्रो बायोलॉजीच्या पायरीवर हायड्रोपोनिक फार्म आणि बायोस्फिअर असतात, तुम्हाला त्यातलं काय मिळेल ते तुमच्या हातात नाही. बायोस्फिअर हुकलं तर प्रत्येक ग्रहावरची दोन-दोन माणसं गेली.

@पामर, तुम्हाला दोन्ही मिळाले होते. बायोस्फिअर किती ग्रहांवर बांधलंत?

परळचा_पामर

दोन. नऊपैकी.

(कृपया हसू नये. मला वाटलं ती झाडंबिडं लावायची शोभेची गोष्ट आहे.)

कुंपणावरचा

वाचतोय. वाचनखूण साठवली. मी या प्रकारातलं काहीच खेळलेलो नाही. तीन प्रश्न: आता कुठे मिळतो? माझा लॅपटॉप आठ वर्षांचा आहे, चालेल का? आणि २०१६ला याचीच नवी आवृत्ती आली होती ना, ती घ्यावी का?

गिरगावकर_काका

गॉग (GOG) या खेळ विकणाऱ्या साइटवर पहिला आणि दुसरा जोडीने मिळतात, डॉसबॉक्समध्ये (जुने डॉसचे खेळ चालवणारा प्रोग्राम) बांधूनच येतात, काही जुळवाजुळव करावी लागत नाही. आठ वर्षांचा लॅपटॉप? हा खेळ विंडोज ९५च्या काळातला आहे हो, तुमचा लॅपटॉप त्याच्यासाठी महासंगणक आहे.

२०१६चा दिसायला देखणा आहे. पण तिथे ताऱ्यांमध्ये ठरावीक वाटा आखलेल्या आहेत, लोकलच्या रुळांसारख्या. दुसऱ्या भागात इंधन पुरेल तिथवर कुठेही जाता येतं. मला मोकळं आकाश आवडतं. २००३च्या तिसऱ्या भागाबद्दल मी बोलत नाही, रक्तदाबाच्या गोळ्या चालू आहेत.

रात्रपाळी

सगळे मतदानात अडकलेत म्हणून तिसरा रस्ता मांडतो. कोणालाही न संपवता, कोणाचंही मत न मागता जिंकता येतं: अँटारनांच्या घरी जायचं.

माहीत नसलेल्यांसाठी, अँटारन हे दुसऱ्या मितीत कोंडलेले खुनशी लोक. खेळ सुरू करताना त्यांचा पर्याय चालू ठेवला असेल तर अधूनमधून येऊन कोणाची तरी कॉलनी भाजून जातात. मल्टी-डायमेन्शनल फिजिक्सला डायमेन्शनल पोर्टल मिळतं. ते एका कॉलनीवर बांधायचं आणि तिथून फ्लीट थेट त्यांच्या घरात. तिथला किल्ला आणि जहाजं फोडली की जिंकलात. मग साक्राची २७ मतं असोत की २७०.

पामर, सायलॉनसाठी हाच रस्ता आहे. पोर्टलच्याच पायरीवर डिसरप्टर तोफ असते. बाकीच्यांना एक घेतलं तर दुसरं सोडावं लागतं किंवा कोणाकडून तरी मिळवावं लागतं. टेम्पोरल फिजिक्सला तेच, टाइम वॉर्प फॅसिलिटेटर, स्टेलर कन्व्हर्टर आणि स्टार गेट. तुला सगळं मिळतं. टाइम वॉर्प बसवलेलं जहाज लढाईत जादा चाल खेळतं. शत्रू एकदा मारतो, तू दोनदा. माझ्या रात्रपाळीतल्या चहाच्या सुट्टीसारखं, इतरांना एक, मला दोन.

मधल्या काळात ओरायन ग्रहाचा राखणदार गार्डियनही मारून ठेव. तो ग्रह मिळतोच, वर लोकनार नावाचा सरदार अ‍ॅव्हेंजर जहाजासकट तुझ्याकडे येतो आणि रिसर्चने न मिळणारे शोध हाती लागतात.

मीठमिरची

रस्ता बरोबर आहे, पण लांबचा आहे. पामर १७४व्या टर्नला हरले. पोर्टल, फ्लीट आणि कमांड पॉइंट (जहाजं पोसायची क्षमता) जमवेपर्यंत काउन्सिल थांबणार आहे का? (कमांड पॉइंटच्या वर गेलात की प्रत्येक जादा पॉइंटला दर टर्न १० बीसी, म्हणजे खेळातले पैसे, जातात, हे विसरून मी एकदा दिवाळखोर झालेय.) म्हणून आधी ती २१ मतं. तुमच्याशिवाय कोणी निवडून येऊ शकत नाही एवढं नक्की झालं की मग खुशाल अँटारनांकडे जा, गार्डियनकडे जा, कुठेही जा.

फास्टलोकल

किंवा साक्राचे दोन ग्रह उचल ना राव! फेझर आहेत म्हणतोस, ते काय दिवाळीला उडवणार? त्याच्याकडे 'धड लेझर नाहीत'. एका ग्रहाने दोन कामं होतात, त्याची मतं घटतात आणि तुझी वाढतात.

फक्त सैनिकांची वाहनं भरपूर ने. आणि बॉम्ब टाकून ग्रह साफ करू नकोस. मेलेला सरडा मत देत नाही.

रात्रपाळी

+१. पामरला हे सुचलं नाही याचंच नवल वाटतंय. एकही लढाई हरलो नाही म्हणतो. अरे, एकही लढलास का?

परळचा_पामर

लागलं. पण खरं आहे.

काल कुर्ल्यापर्यंत उभ्यानेच मोबाइलवर सगळं लिहून काढलं: कुठला ग्रह किती भरलाय, कुठून किती उचलायचे, कोणाला काय द्यायचं. शेजारचे गृहस्थ वाचत होते. 'सरड्याची २७' बघून म्हणाले, "शेअर मार्केट का?" मी हो म्हटलं.

३५१६.० चं सेव्ह सापडलं. सभेला चौदाच टर्न होते, लोकसंख्येचं फारसं काही होण्यासारखं नव्हतं. म्हणून आधी म्रशान. एक जुना शोध दिला, व्यापाराचा करार केला, चार टर्नने रिसर्चचाही केला. बुलराथींनाही शोध देऊन पाहिला, त्यांनी घेतला आणि काही बदललं नाही. उरलेल्या सात ग्रहांवर बायोस्फिअर लावले, तीन जागी विकत घेऊन लगेच. फ्रेटर फ्लीट दोन.

३५१७.४ ला सभा. साक्रा २७, बुलराथी ८, एकूण ३५. म्रशान तटस्थ! नोलाम तटस्थ. मी १४ची १५ केली होती, एकूण ६१ झाली, म्हणजे आता ४१ हवी होती. कोणीच निवडून आलं नाही. मी एकटाच खोलीत टाळ्या वाजवल्या, बायकोने आतून विचारलं काय झालं. म्हटलं, कोणीच निवडून आलं नाही. ती म्हणाली, मग टाळ्या कसल्या?

मीठमिरची

छान. बुलराथींचं सोडा, साक्रांशी त्यांची युती असेल. वंशयादीच्या पानावर कोणाची कोणाशी युती आहे ते दिसतं, ते बघा. असेल तर भेट देऊन तुटणार नाही, आणि साक्रांवर हल्ला केलात तर बुलराथीही अंगावर येतील. त्यांच्या बाजूच्या कॉलन्यांवर आधी मिसाइल बेस टाका.

परळचा_पामर

युती आहे. आत्ताच पाहिलं.

सध्या ३५१९.१ चालू आहे. सोडलेल्या तिन्ही ग्रहांपैकी जड ग्रह साक्रांकडून घेतला. कक्षेतला स्टार बेस फेझरने दोन फेऱ्यांत फुटला, पण जमिनीवर आठ वाहनं नेली ती पुरली नाहीत, परत सहा न्यावी लागली. मूळ ग्रह मुद्दाम पाऊण भरलेला ठेवतोय. बघवत नाही, पण वाढतोय खरा. माझी २१ झालीत, साक्राची २६.

आता प्रश्न असा की नोलाम स्वतःहून आले आणि एक शोध मागतायत: प्लॅनेटरी ग्रॅव्हिटी जनरेटर. तो देऊ का? ते पण लो-जी आहेत. दिला तर त्यांचे जड ग्रह जास्त कामाला लागतील आणि उद्या तेच डोईजड होतील.

फास्टलोकल

देऊ नकोस. शेजारी आहे ना तुझा? पुढचा घास तोच.

मीठमिरची

द्या. पाच मतं आहेत त्यांची. २१ आणि ५, २६. साक्राच्या बरोबरीला आलात. पण फुकट देऊ नका, बदल्यात काहीतरी मागा. मागितलं की किंमत कळते.

गिरगावकर_काका

द्या हो. गोळा पण द्या.